कात्रीचा इतिहास : मास्टर विठ्ठल, 'शोले'चे शिंदे आणि देमारपटाचे संकलन

मराठीत 'संपादक' आणि 'संकलक' हे दोन शब्द आपण वेगळे ठेवले आहेत. नियतकालिकाचा तो संपादक, चित्रपटाचा तो संकलक. इंग्रजीत दोहोंना एकच शब्द पुरतो. या भेदाचा परिणाम असा झाला, की संपादकाकडे आपण विचार करणारा माणूस म्हणून पाहतो आणि संकलकाकडे गोळा करणारा, जोडणारा कारागीर म्हणून. संपादकांवर मराठीत गौरवग्रंथ निघाले, प्रबंध झाले. संकलकाच्या वाट्याला मात्र श्रेयनामावलीतील एक ओळ आली, आणि तीही प्रेक्षक खुर्ची शोधत असताना पडद्यावरून सरकून जाणारी. त्यातून तो संकलक देमारपटांचा असेल तर विचारायलाच नको. हाणामारीच्या चित्रपटाला कला म्हणायचे की नाही यावरच आपले एकमत होत नाही, तेथे त्याच्या कात्रीचा विचार कोण करणार?

आमचा मुद्दा असा, की चित्रपटात 'मार' म्हणून जे दिसते ते नट आणि साहसदृश्यांचे दिग्दर्शक यांच्याइतकेच, किंबहुना काकणभर अधिकच, संकलकाने घडवलेले असते. आणि या विद्येच्या इतिहासातील एक महत्त्वाचे पान कोल्हापुरात लिहिले गेले आहे. ते वाचल्याशिवाय पुढचा 'शोले'सुद्धा नीट उलगडत नाही.

१

बाबूराव पेंटर यांनी १९१७ साली कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. बाबूराव आणि त्यांचे बंधू आनंदराव हे मुळात नाटकांचे पडदे रंगवणारे चित्रकार. आनंदराव १९१६ मध्ये गेले. त्यांचे अपुरे राहिलेले काम बाबूरावांनी नेटाने पुरे केले आणि विष्णुपंत दामल्यांसारख्या सहकाऱ्यांच्या साहाय्याने घरचा कॅमेरा सिद्ध केला. कंपनीला भांडवल मिळाले ते गायिका तानीबाई कागलकर यांच्याकडून. पुढे 'प्रभात' काढणारे दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर ही मंडळी याच कंपनीत घडली. हा भाग सर्वपरिचित आहे, त्यामुळे तो विस्ताराने सांगण्याचे कारण नाही.

आमच्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे तो कंपनीचा १९२० सालचा पहिला चित्रपट, 'सैरंध्री'. त्याचे कथानक कीचकवधाचे. साहित्याच्या विद्यार्थ्याला येथे लगेच कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे 'कीचकवध' आठवेल. १९०७ साली रंगभूमीवर आलेल्या त्या नाटकात कीचकाच्या जागी लॉर्ड कर्झन दिसतो हे सरकारने ओळखले आणि १९१० साली नाटकावर बंदी घातली. दहा वर्षांनी तोच कीचक कोल्हापूरच्या पडद्यावर अवतरला. पुण्यात चित्रपट पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली, ही हकिगतही प्रसिद्ध आहे.

भीम कीचकाला मारतो ते दृश्य मात्र इतके वास्तव वाटले, की त्यावरून ओरड झाली आणि अखेर ते चित्रपटातून काढून टाकावे लागले. संस्कृत नाट्यपरंपरेने वध रंगमंचावर दाखवू नये असा दंडक घातला होता. मृत्यू नेपथ्यात घडायचा आणि त्याची वार्ता तेवढी रंगमंचावर यायची. चित्रपटाने तो दंडक प्रथमच इतक्या उघडपणे मोडला, आणि मोडल्याबरोबर कात्री आली. आपल्याकडील मारधाडीच्या दृश्याचा इतिहास असा कापलेल्या दृश्यापासूनच सुरू होतो. हे पुढे लक्षात ठेवावे लागेल, कारण पंचावन्न वर्षांनी हीच गोष्ट पुन्हा घडणार आहे.

कंपनीने पुढे 'सिंहगड' (१९२३) काढला. त्याचा आधार हरिभाऊ आपट्यांची 'गड आला पण सिंह गेला' ही कादंबरी. रात्रीची लढाई कृत्रिम प्रकाशात चित्रित करण्याचा प्रयोग बाबूरावांनी या चित्रपटात केला. कादंबरीत गडावरची चढाई वाचताना लेखक आपल्याला कधी कड्याखाली नेतो, कधी तटावर नेतो. एका वाक्यात मावळे, पुढच्या वाक्यात पहारेकरी. हे स्थलांतर वाचकाला खटकत नाही, कारण भाषा ते 'इकडे' आणि 'तिकडे' अशा दोन अव्ययांत उरकते. मूकपटाजवळ ही अव्यये नव्हती. त्याला 'इकडे' म्हणायचे तर फीत कापावी लागे आणि 'तिकडे' म्हणायचे तर दुसरी जोडावी लागे. संकलन म्हणजे चित्रपटाची उभयान्वयी अव्यये, असे आम्ही वर्गात सांगतो ते एवढ्यासाठीच.

२

त्या काळचे संकलन म्हणजे काय होते याची कल्पना आज संगणकापुढे बसणाऱ्याला येणे कठीण. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फितीच्या एका फुटात सोळा चौकटी असतात. कॅमेरा हाताने फिरवायचा, साधारणपणे सेकंदाला सोळा-अठरा चौकटींच्या गतीने. म्हणजे एक सेकंद हा जवळजवळ एक फूट लांबीचा. काळ अक्षरशः हाताने मोजता येत होता. फीत उजेडासमोर धरायची, नेमकी चौकट शोधायची, कात्रीने कापायची, कडेचा थर खरवडायचा आणि रसायनाने दुसऱ्या तुकड्याला चिकटवायची. सांधा कच्चा राहिला तर यंत्रात फीत तुटे. ती नायट्रेटची असल्यामुळे आगीचे भय सदैव उशाशी.

या कामावर महाराष्ट्र फिल्म कंपनीत एक तरुण होता. नाव विठ्ठल. राजापूरकर नाटक मंडळीत बालनट म्हणून रंगभूमीवर आलेला हा मुलगा कंपनीत संकलक म्हणून लागला आणि अधूनमधून लहानसहान भूमिकाही करू लागला. 'कल्याण खजिना' (१९२४) मध्ये तो पडद्यावर दिसला तो नर्तकीच्या वेषात. पुढे मुंबईला नानूभाई देसाई आणि भोगीलाल दवे यांच्या शारदा फिल्म कंपनीने त्याला नायक केले. 'रतन मंजरी' (१९२६) ही त्याची पहिली प्रमुख भूमिका. त्यानंतर तलवार, घोडा, दोर आणि उंच भिंत यांच्या जोरावर मास्टर विठ्ठल हे मूकपटांच्या काळातील साहसी नायकाचे नावच होऊन बसले. वृत्तपत्रे त्यांना भारताचा डग्लस फेअरबँक्स म्हणू लागली.

चित्रपटाच्या इतिहासात या प्रवासाची नोंद 'संकलक होता, पुढे नट झाला' अशा एका ओळीत होते, जणू पहिली नोकरी ही दुसरीची केवळ पायरी होती. आम्हाला हा संबंध याहून जवळचा वाटतो. ज्याने उडी कोठे कापायची हे टेबलावर शिकले, त्याला कॅमेऱ्यासमोर किती उडी मारायची हे ठाऊक असणार. पडद्यावरची उडी सलग नसते. कड्यावरून झेप घेणे हा एक तुकडा, हवेतील शरीर हा दुसरा, जमिनीवर टेकलेले पाय हा तिसरा. ठोसा एका तुकड्यात सुटतो आणि दुसऱ्या तुकड्यात लागतो. मधल्या सांध्यात प्रेक्षक स्वतः ठोसा कल्पितो. रशियात कुलेशोव आणि आयझेनस्टाइन हे नेमके याच दशकात चित्रचौकटींच्या सांध्यातून अर्थ कसा निपजतो याचा सिद्धान्त मांडत होते. कोल्हापुरात सिद्धान्त कोणी लिहिला नाही. पण तेथल्या टेबलावर घडलेल्या हाताने मुंबईला जाऊन तो शरीराने लिहिला, असे म्हणायला हरकत नाही.

विठ्ठलांच्या कारकिर्दीचे पुढचे वळण सर्वांस माहीत आहे. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात 'आलम आरा' झळकला. त्याचे नायक मास्टर विठ्ठल. त्यांनी करार मोडला म्हणून शारदा कंपनीने दावा लावला, तेव्हा विठ्ठलांच्या बाजूने उभे राहिले बॅरिस्टर महंमद अली जिना, आणि विठ्ठल जिंकले. पण बोलपटाने त्यांच्यापुढे दुसरा दावा मांडला होता, आणि तेथे कोणी वकील उपयोगाचा नव्हता. त्यांचे उर्दू उच्चार साधेनात, म्हणून चित्रपटात त्यांना बराच काळ गुंगीत ठेवून संवाद कमी केले गेले, असे सांगितले जाते. जो नायक तुकड्यांच्या सांध्यातून बोलत होता, त्याला आता जिभेने बोलणे भाग पडले.

१९३३ साली त्यांनी स्वतः दिग्दर्शन केले : मराठीत 'औट घटकेचा राजा', हिंदीत 'आवारा शहजादा'. मार्क ट्वेनच्या राजपुत्र आणि भिकारी यांच्या कथेवर आधारलेला हा चित्रपट. त्यात शाहू मोडक यांची दुहेरी भूमिका आहे. एकच नट दोन माणसे म्हणून उभा करायचा तर तो कॅमेऱ्याइतकाच कात्रीचा खेळ असतो. संकलकाने दिग्दर्शक झाल्यावर हाच विषय हाती घ्यावा, यात आम्हाला एक संगती दिसते. पुढे भालजी पेंढारकरांच्या 'नेताजी पालकर' (१९३९) मध्ये ते नायक झाले, आणि नंतरच्या काळात मराठी चित्रपटांत लहान भूमिका करीत राहिले. १९६९ मध्ये त्यांचे निधन झाले.

त्यांनी कापलेली एक तरी फीत पाहता येईल का? याचे उत्तर दुःखद आहे. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यांतील तीसेक उरले आहेत, तेही पुष्कळदा तुकड्यांच्या रूपात. महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या 'सैरंध्री', 'सिंहगड', मूळ 'सावकारी पाश' यांचे आज नावच उरले आहे. 'आलम आरा'चीही प्रत नाही. २००३ च्या जानेवारीत पुण्याला फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातील नायट्रेट फितींच्या साठ्याला आग लागली आणि उरल्यासुरल्यातलेही बरेच गेले. हस्तलिखित गहाळ झाले तर निदान कोणाच्या तरी टिपणात त्यातील अवतरण सापडते. चित्रपटातील कटाचे अवतरण कोठे सापडणार? देमारपटांच्या बाबतीत नशिबाने एक अपवाद आहे : पुण्यात तयार झालेला, ग. प. पवार दिग्दर्शित 'दिलेर जिगर' (१९३१). मुखवटा चढवलेला नायक आणि तलवारबाजी असलेला हा मूकपट आज पाहता येतो. ज्यांना विठ्ठलांच्या काळातील साहसपटाची चाल समजून घ्यायची असेल त्यांनी तो अवश्य पाहावा.

३

आता चार दशके ओलांडून पुढे जाऊ. १५ ऑगस्ट १९७५ रोजी 'शोले' प्रदर्शित झाला. त्याविषयी इतके लिहिले गेले आहे, की पटकथाकारांपासून लहान भूमिकांतील नटांपर्यंत प्रत्येकाचे नाव सामान्य प्रेक्षकाच्या जिभेवर आहे. पण 'शोले'ला फिल्मफेअरची नऊ नामांकने असताना पारितोषिक मिळाले एकच, आणि ते संकलनाचे, माधव शिंदे यांना. एम. एस. शिंदे या नावाने श्रेयनामावलीत येणारा हा मराठी माणूस. सिप्पी यांच्या 'सीता और गीता', 'शान', 'शक्ती' या चित्रपटांचे संकलनही त्यांचेच.

शिंद्यांपुढे काय होते याचा हिशेब करून पाहण्यासारखा आहे. 'शोले'साठी सुमारे तीन लाख फूट फीत खर्ची पडली असे सांगितले जाते. बोलपटाची गती सेकंदाला चोवीस चौकटी, म्हणजे मिनिटाला नव्वद फूट. तीन लाख फूट म्हणजे पंचावन्न तासांहून अधिक. प्रदर्शित चित्रपट १९८ मिनिटांचा, म्हणजे अठरा हजार फुटांच्या आसपास. सोळा-सतरा फुटांतला एक फूट ठेवायचा आणि बाकीचे खाली टाकायचे. ज्ञानकोशाच्या खंडातून निबंध काढण्यासारखेच हे काम, आणि निबंधाला लय हवी.

ती लय कशी साधली आहे ते ठाकूरच्या कुटुंबाच्या हत्येच्या प्रसंगात पाहावे. या प्रसंगाच्या चित्रीकरणाला तेवीस दिवस लागले अशी नोंद आहे. पडद्यावर तो काही मिनिटांचा. गोळीचा आवाज येतो, माणूस कोसळतो आणि चौकट क्षणभर थिजते. पुन्हा आवाज, पुन्हा थिजलेली चौकट. मारणारा दिसत नाही. झोपाळ्याची करकर मात्र ऐकू येत राहते. शेवटी लहान मुलगा आणि त्याच्यावर रोखलेली बंदूक. गोळी सुटते तेव्हा पडद्यावर असते स्टेशनात शिरणारी आगगाडी, आणि गोळीचा आवाज तिच्या शिटीत मिसळतो. आजोबा सुटीवर घरी येत आहेत. मूल मरताना आपण पाहिलेले नाही. तरी ते पाहिल्याची खात्री प्रत्येक प्रेक्षक देईल.

ठाकूरचे हात तुटतात तो प्रसंगही असाच. तलवारी वर उचलल्या जातात आणि आपण एकदम वर्तमानकाळात येतो. शाल गळून पडते, खाली रिकाम्या बाह्या. इमामसाहेबांच्या मुलाच्या प्रसंगी गब्बर हातावरची मुंगी मारतो, आणि पुढच्या दृश्यात घोड्यावरून प्रेत गावात येते. त्या मुलाच्या हत्येचे दृश्य प्रदर्शित प्रतीत नाही. आणीबाणीच्या दिवसांत सेन्सॉर मंडळाने हिंसेला हरकत घेतली होती. मूळ शेवटात ठाकूर गब्बरला खिळे मारलेल्या बुटांनी ठार करतो. तो शेवट बदलून तेथे पोलीस आणावे लागले.

येथे आपण पुन्हा 'सैरंध्री'शी येऊन पोचतो. १९२० साली कीचकाचा वध कापला गेला, १९७५ साली गब्बरचा. दोन्ही वेळा राजसत्तेला अन्यायाचा सूड पडद्यावर पूर्ण होऊ द्यायचा नव्हता. पण एक फरक आहे, आणि आमच्या मते सगळा विषय त्या फरकात सामावला आहे. सेन्सॉरची कात्री दृश्य काढते आणि तेथे भोक ठेवते. संकलकाची कात्री दृश्य काढते आणि त्या जागी प्रेक्षकाची कल्पना बसवते. मुंगी आणि प्रेत यांच्या मध्ये जे नाही, ते असते तर प्रसंग अधिक क्रूर झाला असता, अधिक भयंकर मात्र नाही. नेपथ्यात मृत्यू घडवणाऱ्या जुन्या नाटककारांना हे ठाऊक होते. शिंद्यांनी तो दंडक देमारपटात परत आणला, काही अंशी स्वेच्छेने, काही अंशी सक्तीने. कोणता कट कोणत्या कारणाने पडला हे प्रेक्षकाला ओळखू येऊ नये, यातच त्यांचे कसब.

यावर एक आक्षेप येईल आणि तो रास्त आहे. हे श्रेय दिग्दर्शकाचे नव्हे काय? पटकथेत हे कट आधीच लिहिलेले नसतील काय? काही निश्चितच असतील. एखादा कट कोणाचा हे बाहेरून ठरवता येत नाही, आणि तसा दावा आम्ही करीत नाही. पण हीच अडचण नाटकाच्या संहितेबाबतही असते, आणि म्हणून आपण नटाचे नाव गाळत नाही. कोणता आवंढा नाटककाराचा आणि कोणता नटाचा हे न ठरवताही आपण गणपतराव जोश्यांच्या हॅम्लेटविषयी बोलतो. तेवढा न्याय संकलकाला द्यायला काय हरकत आहे?

४

शिंद्यांच्या बरोबरीने आणखी एक नाव घेतले पाहिजे : वामन भोसले. गोव्यातील पोंबुर्पा गावचे. १९५२ च्या सुमारास मुंबईला आले, बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले आणि गुरु शिंदे यांच्या जोडीने 'दो रास्ते' (१९६९) पासून स्वतंत्र काम करू लागले. 'मेरा गाँव मेरा देश' (१९७१) हा डाकूपट त्यांचाच, आणि 'अग्निपथ' (१९९०) सुद्धा. 'इन्कार' (१९७७) साठी त्यांना संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. या चित्रपटामागे अकिरा कुरोसावाचा 'हाय अँड लो', आणि त्यामागे एड मॅकबेनची कादंबरी. एका अमेरिकन रहस्यकथेला जपानमार्गे मुंबईत येऊन गोव्याच्या माणसाची कात्री लागली. तौलनिक साहित्याभ्यासाला याहून चांगले उदाहरण कोणते हवे? एप्रिल २०२१ मध्ये भोसले गेले, तेव्हा त्यांच्या नावावर दोनशेहून अधिक चित्रपट होते.

माधव शिंदे सप्टेंबर २०१२ मध्ये मुंबईत निवर्तले. अखेरची वर्षे त्यांनी धारावीतील एका लहानशा खोलीत ओढगस्तीत काढली, अशा बातम्या त्या वेळी आल्या. अशा बातमीवर हळहळणे सोपे असते. आम्हाला त्यामागचा कायदा अधिक बोलका वाटतो. भारतीय कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा 'कर्ता' म्हणजे निर्माता. २०१२ च्या जूनमध्ये अमलात आलेल्या दुरुस्तीने गीतकार, पटकथालेखक, संगीतकार यांना मानधनापलीकडे स्वामित्वधनाचा हक्क दिला, आणि तो विकताही येऊ नये अशी तजवीज केली. ही सुधारणा स्वागतार्हच. पण तिच्यात संकलक नाही. कायद्याच्या दृष्टीने त्याने काही 'लिहिलेले' नाही. ही दुरुस्ती अमलात आल्यावर तीन-चार महिन्यांतच शिंदे गेले. 'शोले' पुन्हा पुन्हा प्रदर्शित होत राहिला. त्यातील एका फुटावरही त्यांचा हक्क नव्हता.

म्हणजे प्रश्न पुन्हा व्याख्येवर येतो, आणि व्याख्या हे आपल्या, म्हणजे साहित्य शिकवणाऱ्यांच्या, अखत्यारीतील काम आहे. लेखन म्हणजे काय? नवे शब्द निर्माण करणे एवढेच असेल तर संकलक लेखक नाही. पण क्रम लावणे, गाळणे, थांबवणे, दोन गोष्टी शेजारी ठेवून तिसरीचा अर्थ सुचवणे हेही लेखन असेल, तर विठ्ठल, शिंदे आणि भोसले यांना बाहेर ठेवण्याचे कारण काय? कादंबरीच्या समीक्षेत आपण निवेदनाची गती, काळाचा विपर्यास, मौनाची जागा यांवर प्रकरणे लिहितो. हे सारे चित्रपटात ज्याच्या हातून जाते त्याचे नावही आपल्याला माहीत नसते.

जून २०२५ मध्ये इटलीतील बोलोन्या येथे 'शोले'ची पुनरुज्जीवित प्रत दाखवली गेली, आणि तीत १९७५ साली बदलावा लागलेला मूळ शेवट परत आला. पन्नास वर्षांनी सेन्सॉरची कात्री मागे फिरली. ही घटना मोठीच. आता दोन्ही शेवट शेजारी ठेवून पाहता येतील, आणि एकच संकलक एकाच कथेचा शेवट दोन तऱ्हांनी कसा लावतो याचा अभ्यास करता येईल. पाठभेदांचा अभ्यास आपल्याला नवा नाही. ज्ञानेश्वरीच्या पोथ्यांपासून तो आपण करीत आलो आहोत.

'सैरंध्री'चे मात्र तसे होणार नाही. तेथे कापलेला तुकडाही गेला आणि ज्यातून तो कापला तो चित्रपटही गेला. कोल्हापुरात बसून त्या फिती उजेडाकडे धरून पाहणाऱ्या तरुणाने कोणती चौकट ठेवली आणि कोणती खाली टाकली, हे कळण्याचा मार्ग उरलेला नाही. जे उरले आहे, निदान त्याच्या श्रेयनामावलीतील ती एक ओळ आपण आणि आपल्या विद्यार्थ्यांनी वाचायला लागावे, एवढेच आमचे म्हणणे.